ज्योत, पोकळी आणि टॅमचा मुलगा

रॉबर्ट जॉर्डनच्या 'द व्हील ऑफ टाइम'मध्ये ध्यानाची एक युक्ती आहे. पहिल्याच पुस्तकात, सुरुवातीच्या पानांवर ती इतकी सहज येते की वाचताना निसटून जाऊ शकते. मनात एक ज्योत कल्पायची. मग जे जे मनात असेल ते तिच्यात टाकत जायचं : भीती टाकायची, राग टाकायचा, द्वेष टाकायचा. सगळं जळून गेलं की मागे उरते एक पोकळी. त्या पोकळीत उभं राहायचं आणि बाण सोडायचा.

ही युक्ती रँड नावाच्या मेंढपाळाच्या पोराला त्याचा बाप शिकवतो. बापाचं नाव टॅम. गावात असं बोलणारा दुसरा कुणी नाही, पण बेल टाइनच्या जत्रेत धनुर्विद्येची स्पर्धा दर वर्षी टॅमच जिंकतो, त्यामुळे त्याच्या या विचित्र बोलण्याला कुणी हसत नाही. रँडला वाटत असतं, पोकळी जरा जास्त वेळ धरून ठेवता आली तर यंदा आपलाही नंबर लागेल. बस्स. जगाचं भवितव्य वगैरे काही नाही, जत्रेतली स्पर्धा.

मालिका 1990 साली सुरू झाली आणि 2013 साली चौदाव्या पुस्तकावर संपली. (2004 चं 'न्यू स्प्रिंग' हे पूर्वकथेचं पुस्तक वेगळं.) जॉर्डन 2007 मध्ये वारला. शेवटची तीन पुस्तकं त्याच्या टिपणांवरून ब्रँडन सँडरसनने पूर्ण केली. प्राइम व्हिडिओवरची मालिका 2021 मध्ये आली आणि तीन सीझननंतर 2025 मध्ये गुंडाळली गेली. तुमच्यातल्या बऱ्याच जणांची रँडशी ओळख तिथलीच असेल. पण ही ज्योत आणि ही पोकळी माणसाच्या डोक्याच्या आत घडते आणि कॅमेऱ्याला आत जाता येत नाही, म्हणून मी इथे पुस्तकांबद्दलच बोलणार आहे. शेवटापर्यंतचं सगळं सांगून टाकणार आहे, हेही आधीच सांगते.

माझं म्हणणं असं की चौदा पुस्तकांच्या या पसाऱ्यात ड्रॅगन, भविष्यवाण्या आणि लढाया यांच्याखाली एक सरळ गोष्ट दडलेली आहे. बापाने मुलाला प्रेमाने दिलेली एक सवय मुलाला कशी आतून पोखरत नेते, आणि ती सोडवायला पुन्हा बापालाच कसं यावं लागतं, याची ती गोष्ट.

आपल्याला ही युक्ती पहिल्यांदा वाचताना अजिबात परकी वाटत नाही. त्राटक आपण ऐकलेलं असतं. गीतेच्या सहाव्या अध्यायातला वारा नसलेल्या जागी न हलणारा दिवा कीर्तनापासून योगवर्गापर्यंत सगळीकडे भेटतो. ज्योतीत काहीतरी टाकायचं म्हटलं की आपल्याला आहुती आठवते. अडचण 'पोकळी'पाशी सुरू होते. जॉर्डनच्या मूळ शब्दाला मराठीत काय म्हणायचं यावर मी बराच वेळ घालवला आहे. 'शून्य' म्हटलं की त्याच्यामागून नागार्जुन आणि सगळं बौद्ध तत्त्वज्ञान चालत येतं. शब्द एकदम भारदस्त आणि पवित्र होतो. 'रितेपण' म्हटलं की कविता सुरू होते. 'पोकळी' हा त्यातला सगळ्यात गद्य शब्द. दातात पोकळी असते, भिंतीत पोकळी असते, कुणी गेलं की श्रद्धांजलीच्या भाषणात पोकळी निर्माण होते. तोच शब्द बरोबर आहे असं मला वाटतं, कारण टॅमने दिलेली वस्तू मोक्षाची नाहीच. ती नेम धरण्याची आहे.

इथे आपल्या घरातली एक गोष्ट आठवा. द्रोणाचार्य झाडावर पक्षी ठेवतात आणि एकेकाला विचारतात, काय दिसतंय? बाकीच्यांना झाड दिसतं, फांद्या दिसतात, गुरुजी दिसतात, भाऊ दिसतात. अर्जुनाला फक्त पक्षी आणि मग फक्त त्याचं डोकं दिसतं. (आपल्याकडे सांगताना ते डोकं पुढे डोळ्यापर्यंत बारीक होत गेलं.) ही गोष्ट मला शाळेत, क्लासमध्ये आणि नंतर अभ्यासिकेच्या भिंतीवरच्या पोस्टरमध्येसुद्धा भेटली, कायम एकाग्रतेचा आदर्श म्हणून. भाऊ दिसेनासे होणं ही चांगली गोष्ट आहे का, असं कधी कुणी विचारलं नाही. त्याच अर्जुनाला पुढे कुरुक्षेत्रावर भाऊ, आजोबा आणि गुरुजी सगळे एकदम दिसले आणि हातातलं धनुष्य गळालं, तेव्हा त्याचं काय करायचं यासाठी अठरा अध्याय लागले. जॉर्डनला चौदा पुस्तकं लागली. प्रश्न साधारण तोच आहे.

पाश्चात्त्य वाचकाला मात्र हे वाचताना अर्जुन आठवत नाही, 'झेन इन द आर्ट ऑफ आर्चरी' आठवतं. ऑयगेन हेरिगेल या जर्मन प्राध्यापकाचं हे छोटं पुस्तक 1948 मध्ये आलं. जपानमध्ये धनुर्विद्या शिकताना 'मी' कसा गळून पडला आणि बाण कसा आपोआप सुटला, असा त्याचा आशय. हिप्पींच्या पिढीने ते डोक्यावर घेतलं. पुढे यामादा शोजी या जपानी अभ्यासकाने दाखवून दिलं की हेरिगेलचे गुरू आवा केन्झो हे झेनचे साधक नव्हतेच आणि दोघांमध्ये भाषेचा गोंधळही बराच होता. आणखी एक गोष्ट या पुस्तकाच्या चाहत्यांना बोलायला आवडत नाही : 'मी' गळून पडलेला हा हेरिगेल 1937 मध्ये नाझी पक्षात सामील झाला होता. रिकामं मन कुणाचाही बाण सोडू शकतं. जॉर्डनने हेरिगेल वाचला होता की नाही यावर मी काही बांधत नाही. पण बाण, बाप आणि पोकळी यांची सांगड घालताना हा धोका त्याला नीट ठाऊक होता, असं पुस्तकं वाचताना पानोपानी जाणवतं.

धोका दुसऱ्या पुस्तकातच दिसू लागतो. रँड तलवार शिकतोय, शिक्षक आहे लॅन, आणि पोकळी तिथेही उपयोगी पडते. फरक एवढाच की आता पोकळीत तो एकटा नसतो. कडेला, नजर वळवली की सरकणारा, एक उजेड असतो. तो आहे सायदीन, म्हणजे जादूचा पुरुषांच्या वाट्याला आलेला अर्धा भाग. त्याच्यावर विषाचा तेलकट थर आहे आणि त्याला हात लावणारा पुरुष वेडा होतो. जिथे मुलगा भीती टाकायला जायचा तिथेच आता भीती बसलेली आहे. पुढे त्या पोकळीत आवाजही येऊ लागतो, तीन हजार वर्षांपूर्वी मेलेल्या लूज थेरिनचा, जो गेल्या जन्मीचा रँड आहे आणि ज्याने स्वतःच्या हाताने स्वतःचं कुटुंब मारलं.

यातली कल्पकता विषात नाही, जागेत आहे. जॉर्डन राक्षस कुठल्या तरी गुहेत ठेवू शकला असता, तिथेही ठेवलेच आहेत त्याने. पण रँडचा खरा शत्रू तो बापाने दिलेल्या खोलीत आणून बसवतो, आणि रँडला रोज त्याच खोलीत जाणं भाग असतं कारण सगळी ताकदही तिथेच आहे.

आता या जगातल्या चिन्हाकडे येते. आएज सेडाय, म्हणजे जादू करणाऱ्यांचा संघ, त्यांचं प्राचीन चिन्ह म्हणजे एक वर्तुळ. अर्धं पांढरं, अर्धं काळं, मधून नागमोडी रेघ. तुम्ही म्हणाल, हे तर यिन-यांग. जवळजवळ. चिनी चिन्हात काळ्यात एक पांढरा ठिपका असतो आणि पांढऱ्यात एक काळा. जॉर्डनने ठिपके काढून टाकले आहेत. आणि कथेच्या काळात तर वर्तुळही फुटलेलं आहे. पांढरा भाग वेगळा होऊन 'तार व्हॅलॉनची ज्योत' झाला आहे, टोक वर, स्त्रियांचं सन्मानचिन्ह. काळा भाग टोकावर उभा राहून 'ड्रॅगनचा दात' झाला आहे. रात्री कुणीतरी येऊन तो एखाद्याच्या दारावर कोळशाने काढून जातो, म्हणजे या घरात सैतानाचे लोक आहेत. पहिल्या पुस्तकात गावातल्या खानावळीच्या दारावर तो उमटतो. लोकांना हे दोन तुकडे एकाच वर्तुळाचे होते हेसुद्धा आठवत नाही. चिन्ह कसं मरतं, याचं इतकं नेमकं चित्रण मला फँटसीत फार कमी ठिकाणी भेटलं आहे.

तुकड्यांप्रमाणे ध्यानही वाटून दिलेलं आहे. पुरुषाने ज्योत पेटवायची, पोकळी करायची आणि सायदीनवर झडप घालायची. स्त्रीने मनात कळी कल्पायची, प्रकाशाकडे उमलणारी, आणि सायदारला शरण जायचं. वाचताना पहिल्यांदा मी पुस्तक आपटलं होतं. पुरुषाने झडपायचं आणि बाईने उमलायचं! ही कल्पना कुठल्या दशकातली आहे ते सांगायची गरज नाही, आणि जॉर्डन ती पुस्तकामागून पुस्तक जराही लाज न बाळगता ताणतो. 'पुरुष असे, बायका तशा' या चालीवर त्याने इतके संवाद लिहिले आहेत की मधल्या पुस्तकांत ते सरळ ओलांडावे लागतात. (मधली पुस्तकं, विशेषतः दहावं, ओलांडली तरी फारसं बिघडत नाही, हे माझं खासगी मत कुणाला सांगू नका.)

पण बाराव्या पुस्तकात, 'द गॅदरिंग स्टॉर्म'मध्ये, या वाटणीतून काहीतरी अनपेक्षित हाती लागतं. त्यासाठी आधी रँड कुठे पोचला आहे ते सांगायला हवं.

रँडने ठरवलं आहे की जग वाचवायचं तर दगड व्हावं लागेल. आपल्यामुळे मेलेल्या बायकांची यादी तो मनात जपतो आणि रोज म्हणतो, एकेक नाव, अगदी माळ ओढल्यासारखी. हाही जपच, फक्त उलटा. नामाने माणूस मऊ व्हावा अशी आपली समजूत, हा नामाने कडक होत जातो. (त्या यादीत मोरेनचं नाव आहे आणि ती पुढे जिवंत निघते. जॉर्डनची विनोदबुद्धी अशी काळी.) या जगात क्वेंडियार नावाचा एक पदार्थ आहे, काही केल्या न फुटणारा. सेमिरागेच्या छळानंतर, स्वतःच्या हाताने मिनचा गळा आवळायला भाग पडल्यानंतर, रँड स्वतःला तेच नाव देतो. आता मला काही होणार नाही. लेखक इथे एक गोष्ट मोठ्याने बोलत नाही, आपल्या लक्षात यावी म्हणून सोडून देतो : सैतानाच्या तुरुंगावरची सात मोहरं त्याच क्वेंडियारची आहेत, त्यांवर तेच काळं-पांढरं वर्तुळ आहे, आणि ती पहिल्या पुस्तकापासून एकेक करून भेगाळत चालली आहेत.

याच पुस्तकात एग्वेन, रँडच्याच गावातली मुलगी, शत्रूगटाच्या ताब्यात आहे. तिला रोज मारलं जातं. तिने वाळवंटातल्या आयेल लोकांकडून एक गोष्ट शिकली आहे : वेदना बाहेर ढकलायची नाही, आत घ्यायची, कुशीत घ्यायची. एके दिवशी मार खाताना तिला चक्क हसू येतं. मारणाऱ्या बाईचे हात तिथेच सैल पडतात.

एकाच पुस्तकात, प्रकरणाआड प्रकरण, एक जण सगळं जाळून टाकतोय आणि एक जण सगळं आत घेतेय. मुलगा बधिर होत जातो आणि एका शत्रूला मारण्यासाठी माणसांनी भरलेला अख्खा राजवाडा अस्तित्वातून पुसून टाकतो. मुलगी मोठी होत जाते. ज्या कळीवर मी वैतागले होते तिच्यातून हे निघालं. जॉर्डनच्या वाटणीबद्दलची माझी तक्रार यामुळे मिटत नाही. 'शरण जाणं' बायकांनाच का शिकवायचं, हा प्रश्न तसाच राहतो, किंबहुना जास्त धारदार होतो : रँडला ते कुणी शिकवलं असतं तर त्या राजवाड्यातली माणसं वाचली असती. चिन्हातले काढून टाकलेले ठिपके मला इथे दिसतात. रँडच्या काळ्या अर्ध्या भागात एक पांढरा ठिपका असायला हवा होता.

मग टॅम येतो. दुरावलेल्या मुलाला ताळ्यावर आणण्यासाठी म्हाताऱ्या कॅड्स्वेनने त्याला बोलावून घेतलं आहे. बाप-लेक बोलतात, आणि बाप त्याच्या साध्या भाषेत सांगतो की काय करावं लागेल हे कधीकधी आपल्या हातात नसतं, पण ते कशासाठी करायचं हे असतं. क्षणभर वाटतं, आता सुटलं. मग रँडला कळतं की बापाला कॅड्स्वेनने पाठवलंय. तो पेटतो, टॅमला जादूने आपटतो आणि त्याला जगाच्या पटावरूनच पुसून टाकणारी ज्वाळा विणायला घेतो. बापाच्या डोळ्यांतली भीती बघून तो भानावर येतो आणि पळून जातो.

हा प्रसंग मी पहिल्यांदा वाचला तेव्हा स्पर्धा परीक्षेची तयारी करत होते. जॉर्डनची युक्ती मी उचलली होती, हे सांगायला हरकत नाही. पेपरच्या आधी दोन मिनिटं ज्योत, तिच्यात घरचे फोन, वय, कट-ऑफ, सगळं. काम करायची ती. आमच्या अभ्यासिकेत प्रत्येकाचं असं काहीतरी होतं, कुणाचं ॲप, कुणाचं रामरक्षा. आमच्यातला एक मुलगा घरी कुणी आजारी असलं तरी फोन उचलायचा नाही आणि आम्ही सगळे त्याला मानायचो. अर्जुनाच्या पोस्टरखालीच त्याची खुर्ची होती. टॅमच्या डोळ्यांतली भीती वाचल्यावर मला आधी तो मुलगा आठवला.

जॉर्डनला हे कुठून कळलं असेल? तो व्हिएतनाममध्ये 1968 ते 1970 दोन फेऱ्या करून आला होता, हेलिकॉप्टरवरचा गनर म्हणून. त्याने आपल्या ब्लॉगवर लिहिलं आहे की तिथे त्याला दोन टोपणनावं मिळाली. एक 'गणेश', तोच, आपला विघ्नहर्ता. हे नाव त्याला आवडायचं. दुसरं 'आइसमॅन', आणि ते त्याला आवडायचं नाही. तो एका फोटोबद्दलही लिहितो. ओंडक्यावर बसलेला तरुण सैनिक शांतपणे काड्यांनी जेवतोय आणि शेजारी प्रेतं ओळीने मांडलेली आहेत. तो तरुण तो स्वतःच. अशा माणसाच्या शेजारी राहावंसं कुणाला वाटणार नाही, असं तो म्हणतो, आणि घरी परतण्याआधी आपण त्याला गाडून आलो, असंही. लेखकाच्या चरित्रावरून पुस्तकं वाचायची मला फारशी हौस नाही. पण रँड ही त्या ओंडक्यावरच्या मुलाला दिलेली चौदा पुस्तकांची मुदत आहे, हा विचार डोक्यातून काढणं मला जमलेलं नाही.

बापापासून पळालेला रँड शेवटी ड्रॅगनमाउंटवर जाऊन बसतो. पहिल्याच पुस्तकात तापात बरळताना टॅमने सांगितलेलं असतं की याच डोंगराच्या उतारावर, बर्फात, त्याला एक तान्हं मूल सापडलं होतं. जग संपवण्याइतकी ताकद हातात घेऊन रँड तिथे विचारतो, हे सगळं पुन्हा पुन्हा कशासाठी? आणि उत्तर पोकळीतून येत नाही. ज्या गोष्टी तो आजवर ज्योतीत टाकत आला, त्यांच्यातूनच येतं : पुन्हा जन्म म्हणजे पुन्हा प्रेम करण्याची संधी. काही वाचकांना हे गोडगोड वाटतं. एखाद्या वाक्यात सांगितलं तर ते तसं वाटतंच. पण हे उत्तर देणारा आवाज लूज थेरिनचा आहे, ज्याने आपल्या माणसांना स्वतः मारलं, आणि ऐकणारा नुकताच बापाला मारायला निघाला होता. एवढी किंमत मोजून आलेलं वाक्य मला गोड वाटत नाही.

हठयोगप्रदीपिकेत त्राटकाची मर्यादा सांगितली आहे : डोळ्यांतून पाणी येईपर्यंत बघत राहायचं. कॅड्स्वेनची सगळी धडपडही रँडला हसू आणि आसू परत शिकवण्यासाठीच चाललेली असते. तेराव्या पुस्तकात तो टॅमला पुन्हा भेटतो, मिठी मारतो आणि लोकांदेखत रडतो. मिन बघत असते. शेवटच्या पुस्तकात, लढाईच्या तोंडावर, टॅम त्याला परत एकदा शिकवायला घेतो, एक हात गमावलेल्या मुलाला एका हाताने तलवार कशी धरायची ते. दोघं सरावाच्या तलवारी घेऊन घाम गाळतात आणि बाप म्हणतो, सोड आता, जे गेलं ते सोड. शब्द पहिल्या पुस्तकातल्यासारखेच वाटतात. तेव्हा सोडायचं म्हणजे जाळायचं होतं. इथे सोडायचं म्हणजे नसलेला हात नाही असं मान्य करायचं.

शेवटचा प्रसंग जॉर्डनने मरण्याआधीच लिहून ठेवला होता. सगळं संपलंय, रँडची जादू गेली आहे, त्याला ती कुठे जाणवतही नाही. तो घोड्यावर बसून एकटाच निघाला आहे, चिलीम भरलेली, पेटवायला काही नाही. तो फक्त मनात आणतो की चिलीम पेटली आहे, आणि ती पेटते. कशी, ते पुस्तक सांगत नाही. चाहते त्यावर अजून भांडतात. रँड एक झुरका घेतो आणि पुढे जातो.